‘सिल्कसाँग’ : जपमाळेचे मोल

‘हॉलो नाइट : सिल्कसाँग’ या खेळाविषयी जे काही बोलले आणि लिहिले गेले, ते बहुतांशी एकाच प्रश्नाभोवती घोटाळत राहिले : हा खेळ फार कठीण आहे काय? प्रश्न गैर नाही, पण अपुरा आहे. एखादी कविता दुर्बोध आहे काय, हा प्रश्न जितका अपुरा तितकाच हाही. ती दुर्बोधता आशयातून उगवली आहे की कवीच्या हट्टातून, हे पाहिल्यावाचून ‘दुर्बोध’ या शब्दाला समीक्षेच्या व्यवहारात काही मोल नसते. नवकवितेच्या वादाने आपल्याला एवढे तरी शिकविले आहे. खेळांच्या बाबतीत मात्र काठिण्याचा विषय निघाला की एक पक्ष आपल्या पराक्रमाच्या गोष्टी सांगू लागतो, दुसरा गाऱ्हाणी मांडू लागतो, आणि जिच्यावरून हे सारे चालले आहे ती कलाकृती बाजूलाच राहते.

मी तिला ‘कलाकृती’ म्हणतो, यावर कोणी भुवया उंचावतील. त्या वादात मी शिरत नाही. ज्या वस्तूला स्वतःचा असा एक घाट आहे, जिच्यात एक विश्व उभे राहते आणि त्या विश्वाविषयी काही म्हणणे जिच्या अंगोपांगांतून प्रतीत होते, तिच्याविषयी गंभीरपणे बोलायला मला आणखी परवानगी लागत नाही.

प्रथम थोडी माहिती. दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या ॲडलेड शहरी ॲरी गिब्सन आणि विल्यम पेलन या दोघांनी ‘टीम चेरी’ या नावाने हा उद्योग मांडला. २०१४ साली त्यांनी लोकवर्गणी मागितली; सुमारे सत्तावन्न हजार ऑस्ट्रेलियन डॉलर जमले; आणि २०१७ च्या फेब्रुवारीत ‘हॉलो नाइट’ हा त्यांचा पहिला मोठा खेळ आला. ‘सिल्कसाँग’ मुळात त्या खेळाला जोडायचे एक प्रकरण होते. ते वाढत गेले. २०१९ साली तो स्वतंत्र खेळ असल्याचे जाहीर झाले आणि तो लोकांच्या हाती पडला ४ सप्टेंबर २०२५ रोजी. त्या दिवशी खरेदीला इतकी झुंबड उडाली की हे खेळ विकणारी ऑनलाइन दुकाने काही काळ कोलमडून पडली. किंमत वीस डॉलर. जिथे शेकडो माणसे राबून सत्तर सत्तर डॉलरांचे खेळ बनतात त्या बाजारात ही किंमत आणि हे मूठभर कारागीर, म्हणजे विणकरांच्या गल्लीतला एक माग गिरणीच्या भोंग्यापुढे उभा राहावा तसे झाले. एवढी वर्षे का लागली, असे विचारता त्यांनी सांगितले ते असे की काम अडले नव्हते, करण्यात आनंद वाटत होता म्हणून ते लांबले. हे उत्तर मला पटते. खेळातले प्रत्येक पान, प्रत्येक किडा, प्रत्येक हलणारा पडदा हाताने काढलेला आहे, आणि त्या रेषेत कुठेही घाई नाही.

कथा थोडक्यात अशी. सारी पात्रे कीटक आहेत. नायिका हॉर्नेट, नाव गांधीलमाशीचे, पण आईकडून रक्त कोळ्याचे. हातात सुई, अंगात रेशीम. तिला पिंजऱ्यात घालून फारलूम नावाच्या परक्या राज्यात आणले जात असते. पुलावर पिंजरा सुटतो आणि ती राज्याच्या अगदी तळाशी कोसळते. आपल्याला कोणी व का पकडले, हे कळायचे तर वर जायला हवे. वर, सर्व राज्याच्या माथ्यावर, सिटाडेल आहे. सिटाडेल म्हणजे गड. मी पुढे गडच म्हणतो. गडावर मोक्ष आहे अशी सर्व प्रजेची श्रद्धा आहे, आणि पिढ्यान्‌पिढ्या असंख्य किडे पदर, झूल, जपमाळ सावरीत तिकडे चालले आहेत. बहुतेक वाटेतच मरतात. आधीच्या खेळात आपण एका मेलेल्या राज्यात खोल खोल उतरत जात होतो; इथे चढायचे आहे. उतरण्याला भय पुरते. चढण्याला कोणतीतरी आशा लागते, मग ती स्वतःची असो वा उसनी. हॉर्नेटची आशा उसनी आहे : तिला मोक्ष नको, उत्तर हवे. ज्यांना मोक्ष हवा आहे त्यांच्यामधून ती चालते. या खेळाचा सारा आशय मला या एका विसंवादात साठवलेला दिसतो.

आता मण्यांची गोष्ट. फारलूमचे चलन नाणे नव्हे; जपमाळेचे मणी हे चलन आहे. नकाशा घ्या, अवजार घ्या, प्रवासाचे ठाणे उघडा, मणी मोजा. प्रथम ही एक गोड कल्पना वाटते, इतकेच. मग हळूहळू ध्यानात येते की रानातला प्राणी मारला तर मणी मिळत नाहीत, कवचाचे तुकडे मिळतात. मणी मिळतात ते यात्रेकरूंच्या अंगावर. या राज्यातल्या कितीतरी यात्रेकरूंना रेशमाच्या एका अदृश्य ओढीने पछाडले आहे. ते भान हरपून अंगावर धावून येतात, त्यांना मारावे लागते, आणि त्यांच्या तुटलेल्या माळांतले मणी टपटप जमिनीवर ओघळतात. ते आपण वेचतो. म्हणजे या राज्यात पैसा मुख्यतः भाविकांकडूनच येतो. हे कोणी पात्र आपल्याला सांगत नाही, कुठे पाटी लावलेली नाही. पन्नास वेळा वेचल्यावर बोटांना कळते. शब्दावाचून, केवळ कृतीच्या आवर्तनातून अर्थ सांगण्याची ही जी शक्ती आहे ती या माध्यमाची स्वतःची आहे. कादंबरीकाराला इथे एक वाक्य तरी लिहावेच लागले असते.

पुढे आणखी आहे. मेलात तर जवळचे सुटे मणी तिथेच एका कोशात अडकून राहतात. तिथवर परत जाऊन ते सोडवण्याआधी पुन्हा मेलात तर गेले. यावर उपाय असा की मणी ओवून घ्यावेत. ओवलेली माळ मरणात हरवत नाही. पण ओवण्याचे यंत्र ऐंशी मणी घेते आणि साठांची माळ देते. जपाची माळ ओवून घ्यायला शेकडा पंचवीस बट्टा! वाटेत जागोजाग बसायचे बाक आहेत; बाकावर बसले की जखमा भरतात आणि पुढच्या मरणानंतर तिथूनच आरंभ होतो. यांतले काही बाक मणी टाकल्याशिवाय जमिनीतून वरच येत नाहीत. थकलेला यात्रेकरू विसाव्यापाशी पोचतो आणि विसावा आधी हात पुढे करतो. पंढरीच्या वाटेवर विसावा विकत घ्यावा लागत नाही. गावोगाव पाणी, भाकरी आणि पाठ टेकायला ओसरी मिळते. त्यामुळे हा बाक मराठी माणसाला जितका टोचेल तितका इतरांना टोचेलच असे नाही. (देवळाच्या दारात पोचल्यानंतरची गोष्ट वेगळी. तिथल्या पावत्यांच्या रांगेत उभे राहिलेल्याला फारलूम परके वाटणार नाही.)

तेव्हा या खेळाचे काठिण्य हे नुसते काठिण्य नव्हे. ते त्या राज्याची करआकारणी आहे. गडाने श्रद्धेचा महसूल केला आहे, आणि तो महसूल खेळणाराही भरतो : मण्यांनी, वेळाने आणि मरणांनी. याचा सर्वांत प्रखर प्रत्यय ‘ब्लास्टेड स्टेप्स’ नावाच्या चढणीवर येतो. वाळूचे वारे, तुटके कडे, एका कड्यावरून दुसऱ्यावर झोकून द्यायचे, आणि सगळ्याच्या शेवटी गडाचे बंद दार. पाच घंटा वाजवून आल्याखेरीज ते उघडण्याची बातच नाही; आणि दारापाशी ‘लास्ट जज’ उभा आहे, यात्रेकरूंचा अखेरचा न्यायाधीश. त्याच्या हातात तलवार नाही, साखळीला बांधलेले पेटते धूपदान आहे. ज्या वस्तूने देवापुढे सुगंध दरवळायचा त्या वस्तूने तो भाविकाला ठेचतो. हरलात की पुन्हा खालच्या बाकापासून ती सगळी चढण. आणि अखेर तो पडतो तेव्हाही त्याच्या देहाचा स्फोट होतो. जिंकलो म्हणून जो जवळ उभा राहील तो त्याच्याबरोबर जातो. या पुनःपुन्हा चढण्यावर पुष्कळांनी आक्षेप घेतला आहे. मला तो मान्य नाही. ही चढण दहा वेळा चढल्याशिवाय, तिच्या कडेला पडलेली कवचे दहा वेळा ओलांडल्याशिवाय, दाराच्या आतला थाट आणि बाहेरचे हाल यांतले अंतर अंगात मुरणार नाही. इथे आवृत्ती हीच अनुभूती आहे.

गडाच्या आत गेल्यावर जे दिसते ते रचनेच्या दृष्टीने सर्वांत देखणे. संगमरवरी दालने, टांगलेल्या घंटा, गाणारे सेवक. खाली राबणाऱ्यांची अंधारी कोठारे आणि भट्ट्या. ख्रिस्तोफर लार्किन यांच्या संगीताने इथे वृंदगानाचा असा काही वापर केला आहे की भव्यता आणि पोकळपणा एकाच वेळी ऐकू यावा. याहून अधिक वर्णन करीत नाही. गडाच्या माथ्यावर काय आहे हे तर मुळीच सांगणार नाही, कारण ज्यांना चढायचे आहे त्यांचा तो हक्क आहे.

परंतु या खेळात जे श्रेष्ठ आहे ते मला या भव्यतेत सापडले नाही. ते बेलहार्ट नावाच्या गावी सापडले. हे घंटांचे गाव रेशमाच्या विळख्यात गुदमरून पडलेले असते. ते सोडवल्यानंतर हॉर्नेटला एक विद्या मिळते. आपल्या सुईवर रेशमाची तार ओढून ती ते वाद्य म्हणून छेडू शकते. इतका वेळ जी सुई केवळ भोसकत होती ती गाऊ लागते. आणि खरी करामत पुढेच आहे : कोणाही यात्रेकरूपाशी, दुकानदारापाशी, कैद्यापाशी उभे राहून ती छेडली की तोही गाऊ लागतो, आणि तोंडाने कधी बोलला नसता असे मनातले त्या गाण्यात उमटते. यातून मणी मिळत नाहीत, आणि बहुतेक वेळा काही दार उघडत नाही. तरीही मी भेटेल त्याच्यासमोर सुई छेडीत सुटलो. ज्या राज्यात प्रत्येक गोष्टीला मोल लावले आहे तिथे हे एवढेच फुकट आहे. आणि याच गाण्याच्या सामर्थ्यावर वरच्या वर्गाने काय चालवले आहे हे पुढे कळते, तेव्हा मागे वळून या फुकट गाण्यांचा अर्थ आणखी गडद होतो.

हॉर्नेट बोलते, हीही जमेची बाजू. आधीचा नायक मुका होता, आणि त्याच्या मुकेपणात एक सोय होती : आपल्याला वाटेल ते त्याच्यावर लादता येई. हिच्यावर लादता येत नाही. तिचे बोलणे जुन्या घराण्यातल्या मुलीसारखे ताठ, थोडे आखडलेले. कधी कधी ते कृत्रिम वाटते. पण दुबळ्याशी बोलताना त्या ताठरपणाआडून जी माया डोकावते, ती गोड बोलणाऱ्या नायिकेत दिसली नसती.

आता दोषांकडे. वर मी म्हटले की काठिण्य ही त्या राज्याची करआकारणी आहे. मग प्रश्न असा उरतो की कर गड घेतो आहे की लेखक? दोन्ही गोष्टी बाहेरून सारख्याच दिसतात, पण त्या एक नव्हेत. हॉर्नेटच्या प्राणाचे माप आरंभी पाच मुखवट्यांचे असते. पुष्कळ शत्रूंचा एकेक घाव दोन मुखवट्यांचा. म्हणजे पाच असून तीन घावांत कारभार आटोपतो. पाचवा मुखवटा नावापुरता. जखम भरायची तर रेशमाचे नऊ धागे एकदम खर्चावे लागतात, तेव्हा तीन मुखवटे एकदम भरतात. आणि भरता भरता फटका बसला तर धागे वाया. घाबरटासारखे थोडे थोडे न भरता धाडसाने एकदम भरावे, हा यामागचा विचार सुंदर आहे. परंतु घाव दोनाचा असावा हे जिथे तिथे लागू केल्याने त्यातला अर्थ गळून जातो. न्यायाधीशाचा घाव जड असावा हे ठीक. भटक्या माशीचाही असावा यात गडाचा काही संबंध नाही. तिथे मला गडाचा हात दिसत नाही, लेखणी धरलेला हात दिसतो.

‘बाइलवॉटर’ या दलदलीचे उदाहरण घेण्यासारखे आहे. गडाची सारी घाण खाली वाहून इथे साचते. तिच्या पाण्यात उतरले की अळ्या चिकटतात, आणि त्या असेपर्यंत जखम भरता येत नाही. कल्पना मोठी आहे : वरच्यांचे पावित्र्य खालच्यांच्या अंगावर अळ्या होऊन चिकटते. पहिल्यांदा मला खरोखर किळस आली आणि त्यापाठोपाठ रागही आला, आणि तो राग गडावरचा होता. पण विसाव्याचा बाक भिंतीआड दडवलेला, वाटेत सापळे, पुढे लाटांमागून लाटांनी येणारे शत्रू, आणि मग दलदलीचा धनी. पाचव्या-सहाव्या मरणानंतर राग उरला, पण त्याची दिशा बदलली. आशय सांगून झाला होता. पुढे होती ती जिद्द, आणि तीही लेखकाची, माझी नव्हे. उलट ‘हंटर्स मार्च’ मध्ये एक बाक असा आहे की त्यावर बसताच सापळाच उडतो. त्यावर लोकांनी फार आरडाओरडा केला. मला तो विनोद वाटला, आणि चांगल्यापैकी वाटला. विसाव्यावरचा विश्वासही इथे सुरक्षित नाही हे तो एका क्षणात सांगतो आणि बाजूला होतो. बाइलवॉटरला हे बाजूला होणे साधलेले नाही.

ठिकठिकाणच्या फळ्यांवर गावकऱ्यांच्या ‘इच्छा’ टांगलेल्या असतात. त्या पुऱ्या करायच्या. अमक्या किड्याचे इतके अवयव, तमक्या झाडाची इतकी फळे. यांतल्या पुष्कळ इच्छा केवळ भरताड आहेत. पण एक मला अस्वस्थ करून गेली. तळच्या बोन बॉटम वस्तीत यात्रेकरूंच्या शाली गोळा करून आणण्याची इच्छा आहे. शाली येणार कुठून? ज्या यात्रेकरूंना आपण मारले त्यांच्याच अंगावरून. या खेळाच्या आशयाच्या अगदी गाभ्याला हात घालणारी ही गोष्ट. आणि ती इतर इच्छांसारखीच मोजून, टिकमार्क करून संपते. लेखकांना आपल्या हातात काय आले होते ते त्या क्षणी दिसले नाही, असे वाटल्यावाचून राहत नाही. कदाचित सात वर्षे एका कामात बुडालेल्याला असे व्हायचेच.

खेळ आल्यावर थोड्याच दिवसांत लेखकांनी त्यात काही दुरुस्त्या केल्या. आरंभीच्या टप्प्यातले दोन मोठे शत्रू थोडे सौम्य केले, मधल्या टप्प्यातल्या बाकांचे आणि प्रवासाच्या ठाण्यांचे दर थोडे उतरवले, काही ठिकाणचे मणी वाढवले. दुसऱ्या आवृत्तीत लेखकाने मजकूर बदलावा तसेच हे. फरक इतकाच की पहिली आवृत्ती आता कपाटात उरत नाही. शत्रू सौम्य केले याला माझी हरकत नाही. दर उतरवले हे मात्र मला मानवले नाही. लोकांच्या तक्रारीत दोन्ही गोष्टी एकाच दमात आल्या, म्हणून लेखकांनी दोन्ही एकाच मापाने मोजल्या. वास्तविक बाकाचा दर हे फारलूमविषयीचे विधान होते. तो परवडू नये, हेच बरोबर होते.

यात शेर्माविषयी बोलायचे राहिले आहे. (शेर्मा, शर्मा नव्हे.) हा एक लहानसा यात्रेकरू. राज्याच्या तळाशी, एका बंद फाटकापुढे तो पहिल्यांदा भेटतो. गातो आहे, ताल धरतो आहे. गाणे पुरेसे मनापासून म्हटले तर फाटक उघडेल असा त्याचा विश्वास. आपण दुसऱ्या बाजूने फिरून येऊन कळ दाबतो, फाटक उघडते, आणि त्याची खात्री पटते की गाण्याने उघडले. हॉर्नेट त्याचा भ्रम दूर करीत बसत नाही. एखाद्या कमी प्रतीच्या कलावंताने या पात्राची थट्टा केली असती, किंवा त्याला वाटेत मारून आपल्या डोळ्यांतून स्वस्तात पाणी काढले असते. चढणीवर प्रत्येक वळणाला मला तीच भीती वाटत होती. या खेळात मी सर्वांत अधिक सावध होतो तो माझ्या जिवासाठी नव्हे, कोपऱ्याआड शेर्माचे कवच दिसेल की काय या धास्तीने.

ते दिसत नाही. तो गडावर पोचतो. जो मोक्ष तिथे असायचा तो नसतो. असते ते जखमी, वेडावलेले, वाट चुकलेले यात्रेकरू, आणि ‘साँगक्लेव्ह’ नावाचा एक आडोसा. तिथे तो राहतो आणि त्यांची शुश्रूषा करतो. आपल्याला इथे बोलावणाऱ्यांनी फसवले, असे तो एकदाही म्हणत नाही. हे त्याचे भोळेपण की त्याने ते ओळखून मागे टाकले आहे, हे लेखकांनी सांगितलेले नाही, आणि न सांगण्यातली त्यांची जाण मला या खेळातल्या कुठल्याही युद्धापेक्षा मोठी वाटते. तिथे जाऊन मी सुई छेडली. तो गाऊ लागला. गाणे तेच, फाटकापुढचे.